तीन नंबरच्या खुर्चीचं गाव

डायलिसिसच्या खोलीत आठ खुर्च्या होत्या, आठ मशिनी होत्या आणि त्यांच्यावर नजर ठेवायला एक टेक्निशियन होता. त्याचं खरं नाव हजेरीपटापुरतं होतं. बाकी सगळे जण, त्याच्यापेक्षा वीस वर्षांनी मोठे पेशंटसुद्धा, त्याला अलार्मकाका म्हणायचे. कारण कुठल्याही मशीनचा अलार्म वाजायच्या आधीच हा माणूस त्या मशीनपाशी जाऊन उभा राहिलेला असायचा. कुणाची नळी मुडपली आहे, कुणाचं ब्लडप्रेशर उतरतंय, कुणाच्या पोटरीत आता गोळा येणार आहे, ते त्याला चेहऱ्यावरून कळायचं. बावीस वर्षं एकाच खोलीत काढल्यावर भिंतींनाही कळायला लागलं असतं, असं तो वर म्हणायचा.

एवढं सगळं कळणाऱ्या या माणसाला एक गोष्ट मात्र कळून घ्यायची नसायची. आठांपैकी एखादी खुर्ची रिकामी राहिली, की तो तिच्याकडे पाठ करून काम करायचा. कोण आलं नाही, का आलं नाही, हे त्यानं कधी विचारलं नाही. नियम कुणी लिहून ठेवला नव्हता, पण खोलीनंही तो आपोआप उचलला होता. सोमवार-बुधवार-शुक्रवार सकाळी सातला येऊन, वजन करून, हातात दोन जाड सुया टोचून घेऊन चार-चार तास शेजारी बसणारी माणसं; शेजारचा एके दिवशी दिसला नाही, की ती टीव्हीकडे बघायची. अगदीच कुणी विचारलं तर काका म्हणायचा, "त्यांची पाळी बदलली." मंगळवार-गुरुवार-शनिवारची पाळी असते, हे सगळ्यांनाच माहीत होतं. त्यामुळे हे उत्तर गिळायला सोपं जायचं.

तो खेळाचा डबाही असाच मागे राहिलेला. बँकेतले एक साहेब होते, त्यांना चार तास झोप येत नसे आणि बातम्या बघवत नसत. त्यांनी घरून एक गेम खेळायचं मशीन आणलं. त्यांच्या तरुणपणी जे मोठं मशीन मिळायचं त्याचीच ही छोटी प्रतिकृती, तळहातावर मावेल एवढी. टीव्हीला जोडली की झालं. साहेब चार महिने खेळले. मग त्यांची पाळी बदलली. डबा टीव्हीखालच्या फळीवर राहिला, आणि त्यांच्या घरून न्यायला कुणी आलं नाही.

काकाला हा डबा दिसला आणि त्याच्या हाताला खाज सुटली. ऐन विशीत तो व्हिडिओ गेमच्या पार्लरमध्ये मेकॅनिक होता. अडकलेली बटणं सोडवणं, सैल झालेल्या दांड्या घट्ट करणं, पडदा हलायला लागला की मागून एक चापट मारणं, यात त्याचा हात धरणारं कुणी नव्हतं. पार्लरं बंद पडली तेव्हा त्यानं हा डायलिसिसचा कोर्स केला. बायको म्हणायची, तुमचं पहिल्यापासून असंच, दुसऱ्याच्या खेळाला वीज पुरवायची. बोलणं तिखट होतं, पण खोटं नव्हतं.

डब्यात मूळचे वीस गेम होते आणि त्यातले बरेचसे मारामारीचे. त्यांना दोन्ही हात आणि दहाही बोटं लागतात. इथे तर प्रत्येकाचा एक हात सुयांनी जखडलेला, तो हलवायचा नाही म्हणजे नाही. खेळायचं तर एका हातानं खेळता येईल असंच काहीतरी हवं. म्हणून मग काका डब्यात जादा गेम भरायला लागला. जुन्या वस्तूंच्या बाजारात जाऊन खोक्यांतून सीड्या उचकायच्या, घरी आणून लॅपटॉपवर उतरवायच्या, गेमचं चित्र लावायचं, बटणांची जागा बदलायची आणि केबलनं डब्यात सरकवायचं. भरायच्या आधी प्रत्येक गेम तो स्वतः तपासायचा, तोही डावा हात टॉवेलनं खुर्चीच्या दांड्याला बांधून. पहिल्यांदा हे बघितलं तेव्हा बायकोनं विचारलं, डावा हात कुणाकडे गहाण टाकलाय का. मग तिला सवय झाली. हात बांधलेला असला की चहा ती उजवीकडे ठेवायची.

असे गेम जमत गेले. कंत्राटदारांना पत्त्यांचा, शिंपीबुवांना विमानाचा, कोपऱ्यातल्या आजींना रंगीत चेंडू जुळवायचा. प्रत्येकाला अर्धा तास, खुर्चीच्या नंबरानं. कंट्रोलरची वायर शेवटच्या खुर्चीपर्यंत पोचत नव्हती, ती त्यानं जोड देऊन लांब केली. रक्त बाहेर जातंय, साफ होऊन परत येतंय, आणि माणूस दातांत जीभ धरून विमान उतरवतोय, हे बघायला काकाला फार आवडायचं. त्याच्या नोकरीतला बरा भाग म्हणावा तर एवढाच.

पण डब्याची जागा ती केवढी. मूळचे वीस काढता येत नव्हते आणि वर दहा-बाराच मावायचे. पेनड्राइव्ह लावून बघितला तर डबा चालूच होईना. सुरुवातीला काका जाणाऱ्यांचे गेम तसेच ठेवायचा. जागा संपली तेव्हा ते डब्यातून काढून, खेळणाऱ्यानं जिथवर आणून सोडलं होतं त्या खुणेसकट लॅपटॉपवर जपून ठेवू लागला. अकरा जणांचं झालं. एका रविवारी बायकोनं त्याला ते एकेक उघडून नुसतं बघत बसलेलं पाहिलं. शिंपीबुवांचं विमान अर्ध्या आकाशात थांबलेलं होतं. ती म्हणाली, "मेलेल्यांची घरं राखत बसणार आहात का आता?" त्यानं तिथल्या तिथे सगळं पुसून टाकलं. त्यानंतर साधा हिशेब ठेवला. नवा माणूस आला की जो गेला त्याचा गेम पुसायचा आणि त्या जागी नव्याचा भरायचा. कुणाला सांगायचं नाही, काही जपायचं नाही.

तीन नंबरच्या खुर्चीवर बाई आल्या त्या याच सुमारास. छत्तीस वर्षं शाळेत शिकवून मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झालेल्या. बारीक अंगाच्या, आवाज मात्र मागच्या बाकापर्यंत जाणारा. पहिला महिना शेजारी शिंपीबुवा होते. पांघरूण कसं घ्यायचं म्हणजे सुईला धक्का लागत नाही, ते त्यांनीच बाईंना शिकवलं. मग शिंपीबुवांची पाळी बदलली.

काकानं बाईंना गेमचं विचारलं तेव्हा त्यांनी आधी नाक मुरडलं. सगळ्यांचं खेळून होईपर्यंत पडद्याकडे बघितलं, मग म्हणाल्या, "यात सारखं कोणीतरी मरतंय. ज्यात कोणीच मरत नाही असं काही असलं तर बघा."

ऐकायला सोपं वाटतं. काकानं पंधरा दिवस सीड्या धुंडाळल्या. मारामारी सोडा, नुसती फळं गोळा करायच्या गेममध्येही एक गोगलगाय चिरडून मरत होती. मासे पकडायच्या गेममध्ये मासे मरत होते, आणि बाई मासे सोडून देणाऱ्यांतल्या होत्या. शेवटी खोक्याच्या तळाशी एक सापडला. नदीकाठची मोकळी जमीन असते. रस्ते आखायचे, घरं बांधायची, पूल घालायचा, दिवे लावायचे. माणसं राहायला येतात. आवडलं नाही तर गाठोडं उचलून निघून जातात, पण मरत कोणी नाही. काकानं खात्री करून घ्यायला अख्खी सुट्टी हात बांधून घालवली. पूर आणून बघितला, पूल पाडून बघितला. माणसं कपडे झटकून उठत होती. गेम मोठा होता, पण शिंपीबुवांची जागा रिकामी झाली होती. त्यात तो बरोबर बसला.

बाईंनी चौदा महिन्यांत तिथे गाव उभं केलं. आणि त्यांचं गाव ते बघता बघता अख्ख्या खोलीचं झालं. कंत्राटदारांचा पुलावरून रोज वाद. खांब कमी आहेत, असं त्यांचं म्हणणं. बाई त्यांना नापास विद्यार्थ्यासारखं ऐकून घ्यायच्या आणि खांब तेवढेच ठेवायच्या. आजींना वाटायचं, विहिरीपाशी झाड हवं. झाड आलं. बाजाराची गल्ली सरळ असावी की वाकडी, यावर दोन आठवडे मतं घेतली गेली. आणि आजवर कुणा माणसाबद्दल न विचारणारा काका सोमवारी सकाळी बाईंच्या हातात सुई टोचता टोचता विचारायचा, "काय म्हणतंय गाव?" बाई म्हणायच्या, "आणखी दोन बिऱ्हाडं आली."

मग एका सोमवारी बाई आल्या नाहीत. काकानं तीन नंबरकडे पाठ केली. बुधवारी आल्या नाहीत. बुधवारी दुपारी लादी पुसणाऱ्या मावशी त्याच्याजवळ आल्या आणि म्हणाल्या, काका, त्या तीन नंबरच्या बाई आहेत ना, त्यांनी... काकानं हात वर करून त्यांना थांबवलं. नको, म्हणाला. मावशींना त्याची ही खोड ठाऊक होती. बरं, नाही सांगत, म्हणून त्या बादली उचलून गेल्या. शुक्रवारी आणि पुढच्या सोमवारीही खुर्ची रिकामी राहिली, तेव्हा काकाला शंका उरली नाही. डायलिसिसशिवाय माणूस किती दिवस काढतो, हे त्याला तोंडपाठ होतं. घरी गेल्यावर त्या संध्याकाळी तो जेवला नाही. बायकोनं कारण विचारलं नाही. तिला अशा संध्याकाळी ओळखता यायच्या.

बुधवारी तीन नंबरवर एक ट्रक ड्रायव्हर आला. सत्तावीस वर्षांचा, दंडाची शीर फुगलेली, आणि सगळ्या जगावर खवळलेला. दोन दिवस त्यानं दात-ओठ खाऊन काढले. तिसऱ्या वेळी तासाभरातच सुई उपसायला निघाला. ट्रक गेला, आता हे करून जगायचं कशाला, असं ओरडत होता. काकानं त्याचं मनगट दाबून धरलं आणि बोलता बोलता काढून घेतलं, की रस्ता दिसला की हा शांत होतो. डोंगरातल्या रस्त्यावर गाडी हाकायचा एक गेम काकाच्या कपाटात कधीचा पडून होता. एका हातानं जमण्यासारखा होता. डब्यात जागा नव्हती.

रविवारी त्यानं केबल जोडली. यादीत बाईंचा गेम निवडला. पडद्यावर प्रश्न आला, काढून टाकला तर आत साठवलेलं सगळं जाईल, चालेल का. काका बराच वेळ त्या प्रश्नाकडे बघत राहिला. मग त्यानं 'हो' दाबलं. चौदा महिन्यांचं गाव जायला पाऊण मिनिट लागलं. सोमवारी ड्रायव्हरनं डोंगर चढायला घेतला आणि पुन्हा सुईला हात लावला नाही.

बाई दिसेनाशा होऊन सहा आठवडे झाले. तोवर आठ नंबरचं बिघडलेलं मशीन दुरुस्त होऊन आलं आणि ड्रायव्हरला तिकडे हलवलं. मग एका बुधवारी काका हात धुऊन आत आला तर बाई वजनकाट्यावर उभ्या होत्या. आधीपेक्षा वाळलेल्या, पण त्याच. त्याला आनंद झाला, अगदी मनापासून झाला. जेमतेम तो चेहऱ्यावर पोचतोय तोच त्याला ते पुसलेलं गाव आठवलं.

त्यानं सुया टोचल्या. गाव काय म्हणतंय, हे या वेळी बाईंनी विचारलं. काका मशीनच्या बटणांत डोकं घालून राहिला. तीन नंबरची वेळ झाली. बाईंनी यादी वरपासून खालपर्यंत सरकवली, मग खालपासून वरपर्यंत. कंत्राटदार छताकडे बघायला लागले. आजींनी पांघरूण गळ्यापर्यंत ओढलं. काका म्हणाला, डबा मध्ये बिघडला होता, काही गेम उडाले. त्याचा आवाज त्यालाच खोटा वाटला.

आठ नंबरवरून ड्रायव्हर बोलला. त्या बिचाऱ्याला यातलं काही माहीत नव्हतं आणि त्याला मदत करायची होती. "उडाला नाही बाई. काकांनी माझ्या गेमला जागा केली. माझ्या आधी तिथं कोणी बाई होत्या, त्या वारल्या असणार, कोणी सांगत नाही, त्यांचा होता तो."

बाईंनी एकेकाकडे बघितलं. एकही मान वर झाली नाही. त्यांनी कंट्रोलर पांघरुणावर ठेवला आणि डोळे मिटले. उरलेले तीन तास त्यांनी ते उघडले नाहीत. जाताना त्या रोज 'येते' म्हणायच्या, ते या वेळी म्हणाल्या नाहीत.

शुक्रवारी तीन नंबर रिकामी होती. सोमवारीही.

आता या वेळी काकाला पाठ करता येईना. बुधवार ते सोमवार म्हणजे पाच दिवस. पाच दिवसांत अंगात पाणी कुठवर चढतं, पायांवरून छातीत कधी उतरतं, हे सगळं डोळ्यांसमोर यायला लागलं. बाईंनी परत यायचं नाही असं ठरवलं असेल, तर त्यांना तिथवर पोचवणारा तो होता. अकरा वाजता तो वॉर्डच्या मोठ्या सिस्टरकडे गेला आणि तीन नंबर का आल्या नाहीत, असं विचारलं. सिस्टरांनी पेन खाली ठेवलं. बावीस वर्षांत हा प्रश्न त्यांनी त्याच्या तोंडून ऐकला नव्हता. त्या म्हणाल्या, दोनदा फोन केला, येणार नाही म्हणतात, कारण सांगत नाहीत. काकानं पत्ता घेतला. दुपारच्या सुट्टीत तो दवाखान्याच्या चपला पायात तशाच ठेवून निघाला.

तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्यांचं घर. बाईंनीच दार उघडलं, पण दारापर्यंत यायला त्यांना वेळ लागला. पाय सुजून गुळगुळीत झाले होते. बोलताना मधे थांबून श्वास घेत होत्या. भिंतीशी प्रवासाची बॅग होती, अजून न उघडलेली. बसा, म्हणाल्या. काका बसला नाही.

"मावशींजवळ निरोप ठेवला होता मी," बाई म्हणाल्या. "धाकट्या बहिणीचं ऑपरेशन होतं. मावशींना म्हटलं, सहा आठवडे तिच्याकडे जातेय, तिथल्या दवाखान्यात माझी सोय झाली आहे. काकांना म्हणावं, अधूनमधून गाव चालू करून बघत जा."

"मावशी सांगायला आल्या होत्या. मी सांगू दिलं नाही."

"का?"

"मला सांगायला येतात ते तेच सांगायला येतात, बाई. दुसरं काही सांगायला कोणी येत नाही."

मग बाईंच्या काहीतरी लक्षात आलं. "आणि शिंपीबुवा?"

काकानं मान खाली घातली. "शिंपीबुवा तेव्हाच गेले."

"ते मंगळवारच्या पाळीत आहेत असं समजून मी तुमच्याजवळ त्यांना नमस्कार सांगत होते."

"हो."

"आणि तुम्ही दर वेळी त्यांचा उलटा नमस्कार आणून देत होता मला. वर्षभर."

तो नमस्कार काका खरोखरच आणून द्यायचा. विचारपूस केली म्हणाले, तब्येत जरा बरी आहे म्हणाले, असं काहीबाही जोडूनसुद्धा द्यायचा. त्या वेळी त्याला त्यात दया वाटली होती. आता उभ्या उभ्या लाज वाटली.

बाई म्हणाल्या, "गाव गेल्याचं मला वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. पण गाव पुन्हा वसवता येतं. त्या खोलीत तुम्ही सगळ्यांनी मला मेलेली धरलं, आणि कोणाच्या तोंडून एक शब्द निघाला नाही. एवढा पूल, एवढी झाडं, एवढी भांडणं, आणि मी गेले तर कोणी हूं की चूं नाही. तिथे परत येऊन मी कशाला बसू?"

"चूक माझी आहे. बाकीच्यांची नाही."

"माझ्या वर्गात एखादं मूल चार दिवस आलं नाही, तर मी बाकीच्यांना सांगायची. ताप आलाय, मामाकडे गेलंय, जे असेल ते. एकदा एक मूल गेलं. तेही सांगितलं. सगळा वर्ग रडला, मीही रडले, आणि दुसऱ्या दिवशी शिकवायला घेतलं. सांगितलं नाही ना, तर मुलं मनात काहीही धरून बसतात." त्या श्वासासाठी थांबल्या. "मी येईन. पण तुम्ही रोज हजेरी घ्यायची. जो आला नाही त्याचं काय झालं ते विचारून यायचं आणि खोलीत मोठ्यानं सांगायचं. पाळी बदलली म्हणायचं नाही. आणि माझं होईल तेव्हाही हेच. आधी सांगायचं, मग पुसायचं."

"मला नाही जमणार ते, बाई."

"मग मलाही नाही जमणार."

काकानं त्यांच्या पायांकडे बघितलं. अंगठ्यानं दाबलं तर खड्डा पडेल आणि भरून यायला वेळ लागेल, असे ते पाय होते. तो म्हणाला, "बरं. घेईन हजेरी. पण आत्ता चला. खाली रिक्षा उभी आहे."

त्या दुपारी बाईंच्या अंगातून किती पाणी निघालं ते सांगत नाही. काकानं मशीन त्यांच्यापाशी बसूनच चालवलं. बाई झोपल्या तेव्हा तो मावशींकडे गेला आणि त्यांची माफी मागितली. मावशींना काय करावं कळेना, म्हणून त्या कोरड्या लादीवर पुन्हा फडकं फिरवायला लागल्या.

बुधवारी त्यानं पहिली हजेरी घेतली. नावं घ्यायला जीभ रेटेना, म्हणून खुर्च्यांचे नंबर घेतले. कंत्राटदार उखडले. ही शाळा आहे का, सकाळी सकाळी हे अभद्र कशाला, म्हणाले. काकानं नंबर पुरे केले आणि मग शिंपीबुवांचं सांगितलं, वर्षभर उशिरा. बँकेतल्या साहेबांचंही सांगितलं. हात मागे घट्ट धरून तो हे बोलला, आणि बोलून झाल्यावर घाम पुसत राहिला. कंत्राटदार बराच वेळ चष्मा पुसत बसले. शिंपीबुवांनी त्यांचा एक कोट उसवून पुन्हा शिवला होता, म्हणाले, तो अजून अंगात बसतो. नंतर त्यांनी शाळेचं पुन्हा काढलं नाही.

बाईंचा गेम परत भरायचा होता, पण डब्यात जागा नव्हती. ड्रायव्हर आपला काढा म्हणायला लागला. कंत्राटदारांनी त्याला गप्प बसवलं. माझे पत्ते काढा, म्हणाले, तसाही मी अर्धा तास पुलाकडेच बघत असतो. काकानं सगळ्यांसमोर पत्ते पुसले आणि बाईंची मोकळी जमीन पुन्हा आली.

पण आता बाईंचा हात लवकर थकायचा. काकाला त्यांचे रिपोर्ट दिसायचे आणि त्यानं ते वाचायचं टाळलं नाही. चार महिन्यांत दोन गल्ल्या झाल्या आणि एक पूल झाला. कंत्राटदार काही बोलायच्या आधीच बाईंनी या वेळी एक खांब जास्त घातला. कधी कधी त्या कंट्रोलर ड्रायव्हरकडे द्यायच्या आणि कुठे काय बांधायचं ते नुसतं सांगायच्या. तो ट्रकचं स्टिअरिंग धरावं तसा कंट्रोलर धरायचा आणि घरं वाकडी बसवायचा. बाई त्याला ओरडायच्या. त्याला ते आवडायचं.

एका सोमवारी सकाळी काका हात धुवत असताना मावशी दाराशी येऊन उभ्या राहिल्या. काकानं नळ बंद केला. "सांगा," तो म्हणाला. मावशींनी सांगितलं. त्यानं सगळं ऐकून घेतलं, कधी, कुठे, जवळ कोण होतं, ते विचारून घेतलं. मग तो आत गेला.

सात जणांच्या सुया लावून झाल्या. तीन नंबरची खुर्ची मोकळी होती आणि या वेळी सगळे तिच्याकडेच बघत होते. काका टीव्हीखाली उभा राहिला.

"एक नंबर."

"हजर," आजी म्हणाल्या.

"दोन नंबर."

"हजर."

"तीन नंबर," काका म्हणाला, आणि त्याला थांबावं लागलं. "बाई गेल्या. काल सकाळी, घरी. बहीण जवळ होती. झोपेतच गेल्या."

या वेळी कुणी टीव्हीकडे बघितलं नाही. आजी रडायला लागल्या, अगदी उघड. ड्रायव्हरनं मोकळ्या हातानं तोंड झाकलं. काकाच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि त्यानं ते पुसलं नाही. सगळ्यांचं होईपर्यंत तो तसाच उभा राहिला.

"चार नंबर," तो म्हणाला.

कंत्राटदारांना वेळ लागला. "हजर," ते म्हणाले.

आठापर्यंत हजेरी झाली. मग काकानं लॅपटॉप उघडला, केबल जोडली, यादीत बाईंचा गेम निवडला, आणि सगळे बघत असताना दोन गल्ल्यांचं ते गाव पुसलं.